दर्यावर्दी ज्याच्या खांद्यावर होता

"गाढवा! नीट चाल! बूट बुडतील माझे! अरे, बूट!"

हे ओरडणं माझ्या टाळूवरून चाललं होतं. साहेब माझ्या मानेवर बसले होते. दोन्ही पाय माझ्या छातीवर, आणि मुठीत माझे केस, बैलाची वेसण धरावी तसे. खाली वैनगंगेचं पाणी. गुडघाभर.

दिवाळीनंतर आमची नदी अशी आटते, की डोंगा काठाच्या अलीकडेच वाळूत रुततो. तिथून पुढे ज्याला पाय आहेत तो चालत जातो. ज्याला हुद्दा आहे तो ढिवराच्या खांद्यावर जातो. ढिवर म्हणजे आम्ही, डोंगा हाकणारे, मासे धरणारे. माझ्या आज्याने गोऱ्या साहेबाला वाहिलं. बापाने मालगुजाराला वाहिलं. गोरा गेला, मालगुजारी गेली. खांदे राहिले.

आता साहेबांचं वजन. मी थापाड्या माणूस, हे साऱ्या घाटाला ठाऊक. मी पकडलेल्या मरळीच्या पोटातून पाटलाची हरवलेली म्हैस निघाली होती, आणि ती वर दूधही देत होती. पण साहेबांच्या वजनाबद्दल थाप नाही. धानाची चार पोती, आणि त्यांच्यावर बसलेलं पाचवं. वाळूत माझा पाय घोट्यापर्यंत गेला. मी डगमगलो. डावा बूट पाण्याला टेकला. साहेबांनी उजव्या बुटाची टाच माझ्या बरगडीत हाणली. घोड्याला हाणतात तशी.

काठावर गाव उभा होता. गाव हसला.

मीही हसलो. हे आधी सांगून टाकतो.

साहेब शिक्षणखात्यातले मोठे. आमच्या शाळेला पुस्तकांची पेटी द्यायला आले होते. त्यांनी स्वतः पोरांसाठी एक पुस्तक लिहिलं होतं. एक नावाजलेला दर्यावर्दी, सात समुद्र ओलांडून गेला, आणि त्याने नवा मुलूख शोधून काढला, त्याचं. तो कोण, हे तुम्हाला कळलं असेल. मी नाव घेत नाही. त्याचं नाव पुष्कळांनी घेतलं आहे.

शाळेपुढच्या चिंचेखाली सभा भरली. साहेबांनी पुस्तकातलं चित्र उंच धरलं. निळा समुद्र, मोठं जहाज. लाल कोट घातलेला तो दर्यावर्दी एका काळ्या, उघड्या माणसाच्या खांद्यावर बसून काठाला येतो आहे. बाकीचे उघडे लोक वाळूत गुडघे टेकून.

"या रानटी लोकांना तोवर कोणी शोधलंच नव्हतं," साहेब म्हणाले. "त्यांनी याला देव मानलं." मग इकडेतिकडे पाहिलं. "सकाळचा तो ढिवर कुठे आहे? ये रे. मुलांना दाखवू, दर्यावर्दी कसा उतरला."

मी गेलो. उड्या मारत गेलो.

"सदरा काढ."

काढला.

वाकलो. साहेब बसले. कोरड्या जमिनीवर. तिथे पाणी नव्हतं, चिखल नव्हता, बूट भिजायची भीती नव्हती. मी त्यांना घेऊन चिंचेभोवती फिरलो. एवढ्यावर राहिलो असतो तरी चाललं असतं. पण मला लोक हसवायची खोड. मी डोळे फिरवले. जीभ बाहेर काढली. हू हू करत वाकडा वाकडा नाचलो. पोरं लोळली. पाटील पोट धरून बसला.

"शाब्बास! अगदी अस्सल रानटी!" साहेब म्हणाले, आणि बक्षीस म्हणून ते पुस्तक माझ्या हातात दिलं.

मागे बायकांत माझी माय बसली होती. मासोळीची टोपली मांडीशी. तिने पदर तोंडावर ओढला होता. मला वाटलं, हसते आहे.

घरी तिने भात वाढला, झिंग्याची चटणी वाढली. जेवण झाल्यावर पुस्तक माझ्यापुढे सरकवलं. मग म्हणाली, "वाच."

चार इयत्ता झाल्या होत्या माझ्या. बोट ठेवून ठेवून वाचलं. वादळ आलं, खलाशी घाबरले, काठ दिसला. खांद्यावरच्या चित्रापाशी तिने थांबवलं.

"खाली उतरल्यावर त्या खांद्यावाल्याचं काय झालं?"

मी पानं उलटली. दर्यावर्दीने झेंडा रोवला. राणीने त्याला मान दिला. खांद्यावाला कुठेच नाही.

"नाई लिवलं, माय."

"नाव?"

"नाई."

ती भांडी गोळा करायला उठली. पाठमोरीच म्हणाली, "तिथं बायकाइत त्याची माय बसली होती का रे? पाहाले?"

मला तिथे जमीन फाटायला हवी होती. फाटली नाही. आमच्याकडची जमीन फार चिवट.

दुसऱ्या दिवशी शाळेत गेलो. गुरुजींना म्हणालो, "त्या दर्यावर्द्याबद्दल आनखी काही हाये का?" गुरुजींनी पेटी उघडली. तळाशी त्याच माणसावरचं दुसरं पुस्तक निघालं, दुसऱ्या कुणी लिहिलेलं. पेटीत काय काय भरलं आहे हे साहेबांनी स्वतः पाहिलं नसावं. शाळेच्या ओट्यावर बसून मी ते वाचलं. ज्यांनी त्याला काठाला आणलं, त्यांनाच त्याने बांधून जहाजात घातलं, असं त्यात होतं. सोनं आणलं नाही म्हणून लोक मारले. पुढे ते काठच माणसांवाचून ओसाड पडले.

"गुरुजी, एका पुस्तकात देव, दुसऱ्यात कसाई. खरं कोनतं?"

"शिकलेली माणसं अजून भांडून राह्यली त्याच्यावर," गुरुजी म्हणाले.

भांडोत. पण चित्र दोन्हीकडे तेच होतं. जहाज, लाल कोट आणि खाली तो. आणि दुसऱ्या पुस्तकातही त्याचं नाव नव्हतं. भांडण सारं वर बसलेल्याचं. तो चांगला की वाईट. खालच्याचं एका ओळीचंही नाही.

मी थापाड्या. थाप मला वासावरून कळते. माझ्या थापेत मासा मोठा होतो, म्हैस दूध देते. माणूस गायब होत नाही. माणूस गायब करणारी थाप मी कधी मारली नव्हती. चिंचेखाली मारली. माणूस मीच होतो.

पुढच्या वर्षी, नदी आटल्यावर, साहेब पुन्हा आले. पेटी नवीन. बूट नवीन. डोंगा वाळूत रुतला. काठावर गाव उभा. साहेब उठले, हात पुढे केले.

"चल, वाक."

मी दोर धरून पाण्यात उभा. एवढा बोलघेवडा मी, एक थाप आठवेना.

"पानी गुडघाभर हाये, साहेब."

"म्हणजे?"

"म्हंजे उतरा."

साहेब डोंग्यात बसून राहिले. इतका वेळ, की बगळा खांब समजून त्यांच्या डोक्यावर बसला. ही थाप. बसून राहिले, हे खरं. मी हललो नाही. शेवटी त्यांनी बूट काढले, मोजे काढले. पाय पांढरेफटक, मऊ, नखं कापलेली. धोतर वर धरून ते काठाला गेले.

कोणी हसलं नाही. मीही नाही. मला जिंकल्यासारखं मुळीच वाटलं नाही. पाण्यातली गोष्ट पाण्यात झाली. कोरड्या जमिनीवरची लाज होती तिथेच होती. आजही आहे. सदरा काढताना लागते.

संध्याकाळी घाटाचा ठेकेदार घरी आला. डोंगा आमचा, पण घाट त्याचा. त्याने नाही म्हटलं, तर आमची चूल मासोळीच्या भरवशावर. तो ओट्यावर बसला नाही. माय दारात उभी होती, तिच्याकडे पाहून मला म्हणाला, "साहेब उद्या वापस जानार हायेत. पेटीबी तशीच घेऊन. म्हन्तेत, या गावाले पुस्तकं कायले पायजे? तुले घाटावर राहाचं हाये ना? मंग पाय धर त्याहिचे. आन् उद्या खांद्यावर घे. घेशीन ना?"

"डोंग्यातून नेतो," मी म्हणालो. "खांद्यावर नाई."