मिसाओ हुचीचा आगंतुक पाहुणा

मिसाओ हुचीला गप्प बसवेल असा माणूस आमच्या वस्तीत अजून जन्मायचाय. हुची म्हणजे आजी. माझी सख्खी नव्हे, शेजारची. उभा जन्म तिनं बंदरावरच्या शेडमध्ये सॅल्मन कापण्यात घालवला. आम्ही ऐनू, म्हणजे उत्तर जपानातले मूळ रहिवासी; आमच्या जुन्या गाण्यांत प्राणीच ‘मी, मी’ करत आपली हकिगत सांगतात. सुरी चालवता चालवता हुची ती म्हणायची आणि मध्येच अस्वलाचा आवाज काढून मुकादमाला दचकवायची.

गेल्या शरदात नव्या सॅल्मनच्या स्वागताचा दिवस उजाडला, पण नदीत सॅल्मनच नाही. समुद्र तापलेला. जाळ्यात निघाला बुरी! दक्षिणेकडचा, पिवळ्या शेपटीचा, मांडीएवढा जाड मासा.

प्रार्थना सांगणारे शिगेझोकाका वैतागले. “रद्द करा सगळं. ह्याचं गाणं कुठंय आपल्याकडे?”

“नसलं तर करू की!” हुची म्हणाली. “दारात आलेल्याला तसाच घालवतोस होय रे मेल्या?”

ती चुलीशी फतकल मारून बसली आणि चुलीच्या लाकडी चौकटीवर काठीनं ठेका धरला.

“मी बुरी, मी बुरी! घरचं पाणी न्हाणीसारखं कढत झालं, म्हणून निघालो गारव्याला. इथं पोचलो, तर जो तो विचारतो, सॅल्मन कुठाय? अरे, मी काय त्याचा चौकीदार?”

आमची हसून मुरकुंडी वळली. आणि तेवढ्यात हुची अडली. आमच्या गाण्यात शेवटी पाहुणा आलेला प्राणी भेट घेऊनच घरी परततो. बुरीला द्यायचं काय?

“दारू मागतोय तो!” ओरडले कोण, तर शिगेझोकाकाच!

मग काय, पेला ओठाला लागायच्या आधीच सगळे झिंगले. टाळ्या, नाच, आरोळ्या. चुलीवर टांगलेले बुरीचे तुकडे सॅल्मनसारखे वाळेनात, नुसतं तेल गाळू लागले, तेही थेट काकांच्या टकलावर.

“बघ, तुझी मालिश करतोय!” हुची किंचाळली आणि नाचता नाचता माझ्या अंगावर कोसळली. डोळे पुसत हळूच म्हणाली, “माझा सॅल्मन पण येऊ दे गं बाई.”

तो आला, उशिरा आणि मोजकाच. त्याचंही गाणं झालं. पण आता वस्तीतल्या पोरी हुचीला सोडत नाहीत. हल्ली बर्फ कमी, हरणं उदंड. काल एकीनं हरणाचं गाणं मागितलं.

“माझा कोबी खाल्लाय त्यानं,” हुची म्हणाली. “आधी त्याला मनसोक्त शिव्या घालते, मग त्याच्या तोंडून बोलते.”