दाजींचं बसणं

दाजी जेवायचे उभ्यानं. ताट खिडकीच्या कट्ट्यावर, डावा हात चौकटीला आणि दोन घासांच्या मध्ये अंगणात एक फेरी. अक्का, म्हणजे माझी थोरली बहीण, लग्न होऊन पालमला गेली तेव्हा सुरुवातीला तिला वाटलं, नवऱ्याला आपला स्वयंपाक आवडत नाही. मग कळलं, हा माणूस दाढीलाही धड बसत नाही, न्हावीच वस्तरा घेऊन मागं मागं फिरतो. "बसलं की अंगाला मुंग्या येतात," एवढंच दाजींचं म्हणणं.

दाजी तिथल्या एका शाळेत पी.टी.चे मास्तर. कबड्डी म्हणजे त्यांचा जीव की प्राण. पण तोंडानं सांगून शिकवणं त्यांना कधी जमलं नाही. "सर, घोटा कसा धरायचा?" असं एखाद्यानं विचारलं की शर्ट काढून हे स्वतःच मैदानात, तेही चाळिशी उलटल्यावर. असेच एकदा दाखवायला गेले आणि दांडगी पोरं धाडकन त्यांच्या गुडघ्यावर पडली.

नांदेडच्या डॉक्टरांनी मांडीपासून घोट्यापर्यंत प्लास्टर घातलं आणि बजावलं, हे निघेपर्यंत पाय जमिनीला टेकला तर गुडघा जन्मात वाकणार नाही. अक्कानं मला बोलावून घेतलं. मी परभणीला कॉलेजात होतो, पण विद्यापीठाच्या नामांतराच्या गडबडीत कॉलेज आज चालू तर उद्या बंद. "तू ये बाबा," ती म्हणाली. "माझं ते ऐकायचे न्हाईत. मेव्हण्याची तरी लाज धरतील."

लाज कसली धरतात! दोन दिवसांत त्यांनी मला वेडं करायचं तेवढं बाकी ठेवलं. खाटेची सुतळी नखानं उसवली. रेडिओ लावला, बंद केला, खोलून ठेवला. तिसऱ्या दिवशी सकाळी बघतो तर प्लास्टरचा पाय खाटेखाली सोडलेला. मी धावलोच. "टेकवला न्हाई हो, जरा हवा द्यायलोय," ते म्हणाले आणि चोरासारखा पाय वर घेतला.

मग मी परभणीला जाऊन मित्राचा व्हिडिओ गेम घेऊन आलो. टीव्हीला जोडायचा, बटणं दाबून खेळायचा. त्याच्या मामानं परदेशातून आणलेला, कॅसेट एकच आणि तीही अमेरिकन फुटबॉलची. त्यांच्या घरात कुणाला काही कळेना म्हणून कपाटावर धूळ खात पडला होता. मलाही कळत नव्हता. पण पडद्यावर समोरासमोर वाकून उभ्या राहिलेल्या दोन रांगा बघितल्या आणि दाजी उशीला टेकले. "अहो मेव्हणे, ही तर कबड्डी हाय. ह्यांनी मधी चेंडू कशाला घुसवला?"

झालं. चेंडू ज्याच्या हातात तो चढाईला आलेला, असं ठरून गेलं. आपला गडी पळायला लागला की खेळणाऱ्यानं तोंडानं कबड्डी कबड्डी घुमवायचं. दम तुटला की बटणांचा डबा खाली ठेवायचा, मग पडद्यावरचा गडी शेवटच्या रेषेच्या तोंडाशी का असेना. ह्या कायद्याला माफी नव्हती, दाजींनाही नव्हती. टीव्ही काळा-पांढरा, त्यामुळे दोन्ही संघ सारखेच राखाडी दिसायचे. मी कुरकुर केली तर म्हणाले, "धूळ उडाल्यावर कबड्डीत तरी कुठं वळखू येतंय?"

संध्याकाळी संघातली पोरं यायची. त्या दिवसांत गावात एका वस्तीचा माणूस दुसऱ्या वस्तीतल्या माणसाला बघून रस्ता बदलायचा. दाजींच्या खोलीत मात्र दोन्हीकडची पोरं एका सतरंजीवर मांडीला मांडी लावून बसायची आणि अक्का सगळ्यांना चहा पाजायची.

चार प्रयत्नांत ठराविक अंतर गेलं नाही तर चेंडू समोरच्यांना मिळतो, म्हणून चौथ्या वेळी तो लाथेनं लांब मारून द्यावा, एवढं मला हळूहळू उमगलं. दाजींना ते मुळीच पटेना. "हातातली वस्तू लाथाडून त्यांच्या घरी पोचती करायची? अन् वर शहाणपण म्हणायचं?" चौथ्या वेळीही ते मधूनच घुसायचे, आपटायचे आणि हरायचे. हरले की सगळं अंग ताठ व्हायचं, कपाळावर घाम, मुठी खाटेच्या दांडीवर आवळलेल्या. पाय तेवढा उशीवर. एकदा जिंकले तेव्हा पोरं उड्या मारायला लागली आणि दाजी दोन्ही हातांवर अर्धे उचलले गेले. अक्का पळी घेऊन दारात आली. त्यांनी पायाकडं बघितलं आणि सावकाश मागं टेकले. "न्हाई टेकवला," ती काही विचारायच्या आतच ते म्हणाले. फार जीव तुटला माझा त्यांच्यासाठी. बसणं म्हणजे या माणसाला शिक्षा होती, आणि तो ती प्रामाणिकपणे भोगत होता.

प्लास्टर काढायला आम्ही तिघं नांदेडला गेलो. त्यानंतरही महिनाभर मालिश, शेक, सगळं केलं आणि पुन्हा गेलो. गुडघा वाकला नाही. डॉक्टर म्हणाले, "घरी पाय टेकवला असणार."

"न्हाई हो, कधीच न्हाई टेकवला," अक्का सांगत राहिली. डॉक्टर पुढचा पेशंट बघायला लागले.

परतताना एसटीत त्यांचा पाय मधल्या वाटेत सरळ पसरलेला. चढणारे-उतरणारे तो ओलांडून जात होते. लोहा गेल्यावर ते हळूच म्हणाले, "मेव्हणे, मी बसलो होतो ना?"

"बसला होतात, दाजी."

"लबाडी न्हाई केली ना मी?"

"नाही केली," मी म्हणालो आणि खिडकीकडं तोंड केलं, कारण मला रडू आवरत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी मला जाग आली तेव्हा दाजींनी गेम पिशवीत बांधून दाराशी ठेवला होता. "न्या हे तुमच्या मित्राला," म्हणाले. अक्कानं जरा आराम करा म्हटलं. तिच्याकडं न बघता ते काठी घेऊन बाहेर पडले.

स्टँडवर जाताना मी मैदानाजवळ थांबलो. पोरं रांगेनं उभी होती, सगळ्यांचे डोळे सरांच्या पायावर. कुणी जागचं हलेना.

"काय बघायलाव रे?" दाजी म्हणाले. "पळा."

पोरं पळायला लागली. दाजी काठी टेकत, ताठ पाय बाहेरून फिरवत त्यांच्या मागं निघाले.