शनिवारवाड्यात कुणी भेटत नाही

पुण्यात दोन माणसांना तासभर निवांत बोलायचं असेल तर जागा मिळत नाही. मंडईत भाजीवाली चौकशी करते, बागेत हास्यक्लब असतो आणि हॉटेलात शेजारच्या टेबलावर हमखास कुणाची तरी मावसबहीण निघते. म्हणून आम्ही शनिवारवाडा निवडला. पुणेकर जन्मभर त्याच्यासमोरून जातो, आत जात नाही. मी नारायण पेठेतली, माझे जुने सहकारी शनिवार पेठेतले, आणि शाळेच्या सहलीनंतर दोघांनीही तो आतून पाहिला नव्हता. आपल्या हुशारीचं आम्हाला फार कौतुक वाटलं.

आमची ओळख ऑफिसातली. त्यांची पत्नी आणि माझे यजमान जाऊन बरीच वर्षं झाली होती. निवृत्तीनंतर फोनवर बोलणं वाढलं आणि साठी उलटल्यावर त्यांनी मला लग्नाचं विचारलं. नाही म्हणायचं माझ्या मनात नव्हतंच. पण मुलगा आणि सून यांच्यापुढे हे तोंडातून काढायचं कसं? सून फटकळ आहे आणि मी तिला जरा टरकूनच असते.

हत्तींनी धडक देऊ नये म्हणून दिल्ली दरवाजाला मोठाले खिळे ठोकलेले आहेत. त्यातल्या छोट्या दिंडीतून वाकून आत जावं लागतं. गुडघे कुरकुरले. त्यांनी हात पुढे केला, पण मागे लोक होते म्हणून मी चौकटच धरली.

आत पाहायला फारसं काही नाही, हे खरंच आहे. सात मजले होते म्हणतात. पेशवाई गेली, इंग्रज आले, पुढे आग लागली आणि सगळं लाकूडकाम जळून गेलं. तट, दरवाजे आणि दगडी जोती तेवढी उरली. त्यातल्याच एका जोत्याजवळ सावली बघून आम्ही बसलो. शेजारी कुणीतरी कोवळ्या वयात मारल्या गेलेल्या पेशव्याची गोष्ट सांगत होतं. सगळे तेवढंच विचारतात. इथे रोजचे स्वयंपाकही झाले असतील, दिवाळ्याही झाल्या असतील, त्यांची आठवण कुणी काढत नाही. मलाही यजमानांचं शेवटचं आजारपणच आठवत राहतं, त्याआधीची सुखाची वर्षं नाही. हे मनात आलं आणि मला एकदम रडू कोसळलं.

त्यांनी रुमाल दिला. थोड्या वेळानं म्हणाले, "जोती शाबूत आहेत हो आपली. सात मजले चढवायला कोण सांगतंय? एक खोली पुरे."

मी डोळे पुसत होते, तेवढ्यात समोरून माझी सून आली. पुणेकर शनिवारवाड्यात एकाच कारणासाठी शिरतो, पाहुण्यांना दाखवायला. नागपूरहून तिची मावशी आली होती. सकाळी त्यांना पोहे मीच करून घातले होते, तरी माझ्या डोक्यात प्रकाश पडला नव्हता.

मी घरी मंडईत जाते असं सांगून निघाले होते. रिकामी पिशवी मांडीवरच होती. सुनेनं आधी पिशवीकडे पाहिलं, मग माझ्या हातातल्या पुरुषी रुमालाकडे. ऑफिसातले आहेत, सहज भेटले, असं म्हणता आलं असतं. पण खोटं बोलायचा मला त्या क्षणी भयंकर कंटाळा आला.

"यांनी मला लग्नाचं विचारलंय," मी म्हणाले, "आणि मी हो म्हणतेय."

ते हो त्यांनीही तेव्हाच ऐकलं. मावशी कारंज्याकडे बघू लागल्या. सुनेनं माझ्या मांडीवरची रिकामी पिशवी उचलून घेतली.

"अहो आई," ती म्हणाली, "मग इथे उन्हातान्हात कशाला बसलात? आपल्याकडे गॅलरी आहे की." मग त्यांच्याकडे वळून म्हणाली, "जेवायला चला. एक पान जास्त वाढेन. भाजी मात्र वाटेत घ्यावी लागेल, आईंची मंडई राहिलीय."

परतताना दिंडीतून ते आधी बाहेर पडले आणि वळून त्यांनी पुन्हा हात पुढे केला. मागे सून होती, तिची मावशी होती. मी हात धरला आणि वाकून बाहेर आले.