दोघींचं गाणं

गाण्याआधी अक्का एक हात कानावर ठेवायच्या आणि विचारायच्या, "कुटल्या भाषेत म्हनू?" उत्तराची वाट मात्र कधी पाहायच्या नाहीत.

बहात्तरच्या दुष्काळानंतरची ही गोष्ट. सोलापुरात मी ज्या शाळेत शिकवत होते, तिच्या भिंतीला लागून विड्यांचा कारखाना होता. मांडीवर सूप घेऊन बायका ओळीनं विड्या वळत बसायच्या. बहुतेक तेलुगु घरांतल्या, काही मराठी. अक्का त्यांच्यात सर्वांत वयस्क. एक ओवी तेलुगुत म्हणायच्या, दुसरी मराठीत:

"लिंबाच्या सावलीत निजलं गं तुझं बाळ,
राखीन सांजसकाळ, जा तू बाई."

माझा वर्ग पाढे म्हणता म्हणता गप्प व्हायचा. मीही रागवत नसे. तुम्हीही रागावला नसतात. आम्ही सगळे त्याला अंगाईच समजत होतो.

एकदा रेडिओवरचे एक साहेब लोकगीतं टिपायला आले. मशीन लावून म्हणाले, "तेलुगु तेवढं म्हणा, बाई. भेसळ नको."

अक्का तेलुगु ओवी म्हणून थांबल्या. सवयीनं साऱ्या बायकांनी मराठी उचलली. साहेबांनी मशीन बंद केलं. दुसऱ्यांदाही तेच झालं.

"हे मराठी तुम्ही मागाहून घातलंय ना? मग काढा की," साहेब म्हणाले.

"म्या न्हाय घातलं." अक्कांनी सूप खाली ठेवलं. "माजी आज्जी निजामाच्या मुलखातनं चालत आली. उमरग्याजवळ तिचं तान्हं गेलं. लिंबाखाली पुरलं. ती तितंच बसून तेलुगुत गात हुती. गावातली एक बाई शेजारी येऊन बसली. हिची भाषा तिला येईना, तिची हिला. तरी ती आपल्या भाषेत गात ऱ्हायली. आज्जीनं ते तसंच पाठ केलं. अर्थ कळला हितं आल्यावर, लई वर्सांनी. आता दोघींतली कुटली काढू, सायेब?"

साहेबांनी मान खाली घालून मशीन सुरू केलं. अक्का गायल्या, आणि इतकी वर्षं रोज ऐकलेलं ते गाणं मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकलं.

पुढं अक्का लेकाकडे भिवंडीला गेल्या आणि तिथंच वारल्या. त्याआधी एका सकाळी ते गाणं रेडिओवर लागलं, तेव्हा आम्ही त्यांच्या दारात जमलो होतो. मराठी ओवी आली की त्या हात जोडायच्या.

"कुणाला नमस्कार करता, अक्का?" मी विचारलं.

"त्या बाईला," त्या म्हणाल्या. "आज्जीला तिचं नाव इचारायला बी येत न्हवतं."