दुसऱ्याच्या घरची कहाणी

मगरे मॅडमच्या वर्गात एका शब्दाला बंदी होती. तो शब्द म्हणजे तात्पर्य. बोलता बोलता कुणी "याचं तात्पर्य असं की" म्हणालं, की त्या हातातला खडू उभा धरायच्या आणि म्हणायच्या, "तात्पर्य तुझ्यापाशी ठेव बाबा. मला ओळ दाखव." ओळ म्हणजे लॅटिन कवितेतली ओळ. बदनापूरच्या एका कॉलेजात दर रविवारी सकाळी आम्ही दोन हजार वर्षांपूर्वीच्या रोमन कवींच्या ओळींवर बोट ठेवत बसायचो, हे आज कुणाला सांगितलं तर तो आधी माझ्या तोंडाकडं बघतो.

मॅडम शिकवायच्या इंग्रजी. लॅटिन त्या हैदराबादला एम.ए. करताना एका म्हाताऱ्या फादरकडून शिकल्या होत्या. फादरना शिष्य मिळत नव्हता आणि सुजाता मगरे या मुलीला कुठल्याच गोष्टीला नाही म्हणता येत नव्हतं, असं त्या स्वतःच सांगायच्या. रविवारचा वर्ग फुकट असायचा. तरी आम्ही काही ज्ञानाच्या ओढीनं आलो होतो असं नाही. शबाना आणि तिच्या दोन मैत्रिणींना कुणीतरी सांगितलं होतं की फार्मसीला लॅटिन लागतं. मी कुंभार पिंपळगावकडचा, खोली करून राहणारा. माझ्या खोलीत लाईट टिकत नव्हती आणि त्या वर्गात इन्व्हर्टर होता. मॅडमना हे सगळं ठाऊक होतं. "पंख्यासाठी आलास तरी चालंल," त्या म्हणाल्या होत्या, "पण आलास तर वाचावं लागंल."

आणि आम्ही वाचू लागलो. व्याकरणाच्या बाबतीत त्या कुणाच्या बापाला ऐकत नसत. एका क्रियापदापायी त्यांनी मला तासभर उभं ठेवलंय. पण गोष्ट सुरू झाली की बाई बदलायची. रोमन कवींनी ग्रीकांच्या देवादिकांच्या कथा घेतल्या आणि आपल्या कवितेत घातल्या, एवढं कुठल्याही पुस्तकात लिहिलेलं असतं. मॅडमना त्यापुढचं हवं असायचं. घेताना त्यांनी काय बदललं? कुणाच्या बाजूनं सांगितलं? त्यासाठी त्यांनी एक युक्ती काढली होती. लॅटिन गोष्ट वाचून झाली की ती श्रावण-मार्गशीर्षातल्या कहाणीच्या घाटात मराठीत लिहून आणायची. आटपाट नगरापासून सुफळ संपूर्णपर्यंत. जिथं गोष्ट कहाणीत बसत नाही तिथं कवीचा हात दिसतो, असं त्यांचं म्हणणं.

एकदा विणकर मुलीची गोष्ट आली. एका साध्या रंगाऱ्याची पोर, पण मागावर अशी विणायची की बघायला माणसं लोटायची. लोक म्हणायचे, हिला विद्येच्या देवीनंच शिकवलं असेल. पोरगी म्हणाली, मला कुणी शिकवलं नाही, हवं तर देवीनं माझ्याशी पैज लावावी. देवी म्हातारीचं रूप घेऊन आली आणि म्हणाली, माफी माग. पोरीनं म्हातारीला उडवून लावलं. मग देवी खऱ्या रूपात आली आणि दोघींनी माग मांडले. देवीनं विणले सिंहासनावर बसलेले देव. पोरीनं विणलं त्याच देवांनी बायकांना कसं फसवलं ते. देवीनं कापड फाडलं, पोरीला विणायच्या धोट्यानं मारलं, पोरीनं गळफास घेतला आणि देवीनं दया येऊन तिचा कोळी केला. ती अजून विणते आहे.

आम्हाला ही गोष्ट भलतीच सोपी वाटली. माझी आई मार्गशीर्षातले गुरुवार करते. घट मांडते, शेजारच्या बायका बोलावते आणि कहाणी वाचते. तीत लक्ष्मी म्हातारी होऊन राणीच्या दारात येते, राणी तिला हाकलते, राणीचं राज्य जातं, राणी पस्तावते, सगळं परत मिळतं. मी बसल्या बैठकीला कहाणी लिहून टाकली. पुढच्या रविवारी मॅडमनी सगळ्यांच्या वाचल्या. मग म्हणाल्या, "पोरीनं माफी मागितली, असं एक सोडून तुम्ही समद्यांनी लिहिलंय. ती ओळ दाखवा."

आम्ही शोधली. ओळ नव्हती. पोरगी उतली, मातली, घमेंड उतरली, पाया पडली, हे सगळं आम्ही आमच्या पदरचं घातलं होतं. आमच्या आयांनी ते आमच्या कानात इतक्या वेळा ओतलं होतं की लॅटिन वाचतानाही तेच ऐकू आलं. एकटी शबाना वेगळी निघाली. तिच्या कागदावर शेवटी लिहिलं होतं, पोरगी मेली, कोळी झाली, पुढचं मला सुचलं नाही, माफ करा. मॅडमनी तो कागद मोठ्यानं वाचला.

"आमच्यात कहाणी न्हाई ना मॅडम," शबाना ओशाळून म्हणाली. "म्हणून पुढचं येत न्हाई."

"माझ्यातबी न्हाई," मॅडम म्हणाल्या. "आमच्या आजोबांनी दीक्षा घेतली, तवापासून घरात घट न्हाई का कहाणी न्हाई. मी शेजारच्या ओट्यावर बसून ऐकायची. ज्याच्या घरी घट मांडलेला असतो त्याला हात जोडावे लागतात. ओट्यावरच्याला फकस्त ऐकायचं असतं. तो बराबर ऐकतो."

त्या दिवशी त्यांनी आम्हाला त्यांच्या मनातलं सांगितलं. रोमन कवी हा ग्रीकांच्या ओट्यावर बसलेला माणूस आहे. दुसऱ्याच्या घरची कहाणी तो नीट ऐकतो आणि त्याला दिसतं की पोरीच्या कापडात दोष नव्हता. कवी तसं स्पष्ट म्हणतो. देवीलाच काय, मत्सरालासुद्धा त्यात खोट काढता आली नाही. शिक्षा घमेंडीची नव्हतीच. काम चोख होतं, खरं होतं, त्याची होती. यावर मॅडमनी निबंध लिहिला होता आणि तो आजवर परतच येत होता. एका संपादकांनी कळवलं होतं की बाईंनी आपल्याकडच्या लोककथा रोमन कवितेवर लादल्या आहेत. आता निवृत्ती तोंडावर आली होती. "मला एकदा लॅटिनच्या माणसांसमोर ही कविता वाचायचीय," त्या म्हणाल्या. "मराठवाड्याची कौतुकाची बाई म्हणून न्हाई. वाचणारी म्हणून."

त्याच हिवाळ्यात पुण्याच्या एका लॅटिन कवितेवरच्या परिसंवादाचं बोलावणं आलं. मी आणि शबाना हट्टानं सोबत गेलो. तिथं कार्यक्रमपत्रिका हातात आली आणि माझं डोकं फिरलं. मॅडमचा निबंध 'पाठ आणि अर्थ' या विभागात नव्हता. तो शेवटच्या दिवशी, जेवणानंतर, 'प्रादेशिक प्रतिसाद' नावाच्या सत्रात टाकला होता. लॅटिनवाल्यांनी लॅटिन वाचायचं आणि बदनापूरवाल्यांनी प्रतिसाद द्यायचा, असा हिशेब. मी चिडून दोन शब्द बोललो. मॅडम म्हणाल्या, जेवणानंतर तर जेवणानंतर, माणसं बसून तर असतात.

त्यांनी निबंध वाचला तेव्हा निम्मा हॉल पेंगत होता. अध्यक्ष मात्र जागे होते. लॅटिनमध्ये हयात घातलेले, मऊ बोलणारे वयस्कर गृहस्थ. त्यांनी आधी मनापासून कौतुक केलं आणि मग हरकत घेतली. ती देवी रोमनांच्याही देवळात होती, त्यांच्या भाषेतलं तिचं नावही होतं, मग रोमन कवी ओट्यावरचा कसा? आणि दुसरं, घमेंड, शिक्षा आणि पश्चात्ताप हा तर या कथेचा कणाच आहे. हरकत चांगली होती.

मॅडम म्हणाल्या, पहिली हरकत वजनदार आहे, ओट्याची कल्पना माझी आहे, ती तुम्ही टाकून दिलीत तरी मी भांडणार नाही. पुढचं वाक्य त्यांच्या वर्गातल्या बोलीत आलं.

"पण पश्चात्तापाची ओळ दाखवा सर."

अध्यक्षांनी समोरचं पुस्तक उघडलं. ते वरपासून खाली आले, मागं गेले, पुन्हा खाली आले. हॉलमधले पेंगणारे जागे झाले. मी शबानाचा हात की शबानानं माझा, कुणी कुणाचा दाबून धरला होता ते आठवत नाही. शेवटी अध्यक्षांनी चष्मा काढला.

"नाही," ते म्हणाले. "आम्ही जन्मभर शिकवली, पण ती ओळ इथं नाही. माझी आईसुद्धा गुरुवार करायची हो."

कुणी हसलं नाही. अध्यक्षांनी मॅडमना विनंती केली की त्यांनी तो उतारा लॅटिनमध्ये वाचून दाखवावा. मॅडम उभ्या राहून वाचत गेल्या. त्यांच्या उच्चारात फादरचा हैदराबादी हेल होता आणि आमच्या मातीचाही थोडा होता. मला त्या क्षणी इतका अभिमान वाटला की मी सगळ्यांदेखत रडलो, आणि त्याची मला बिलकुल लाज नाही. सत्र संपल्यावर आयोजक म्हणाले की परिसंवादाच्या ग्रंथात निबंध प्रादेशिक विभागात छापू. मॅडमनी काही म्हणायच्या आत अध्यक्ष म्हणाले, पाठ आणि अर्थ, आणि पहिला.

ग्रंथ आला तेव्हा मॅडम निवृत्त झाल्या होत्या, पण रविवार सुटला नव्हता. वर्ग आता त्यांच्या घराच्या पडवीत भरायचा. आम्ही पेढे नेले होते. त्यांनी पेढा खाल्ला, ग्रंथ आमच्यासमोर टाकला आणि म्हणाल्या, आता यातली खोट काढा. आम्हाला वाटलं गंमत करून राह्यल्या. पण त्या खडू घेऊन बसल्या होत्या.

खोट शबानानं काढली. निबंधात लिहिलं होतं की देवीनं पोरीला मारलं आणि कापड फाडलं. शबानानं लॅटिन ओळीवर बोट ठेवलं. तिथं उलट होतं. आधी कापड फाडलं, मग मारलं. आम्ही सगळ्यांनी ती ओळ पुन्हा तपासली, कारण छापून आलेलं होतं, पुण्यात टाळ्या पडलेल्या होत्या. मॅडमनी ओळ वाचली, परत वाचली, आणि त्यांचा चेहरा असा उजळला की पुण्याच्या हॉलमध्येही तो तसा झाला नव्हता.

"म्हंजी राग पोरीवर न्हवताच. आधी कापडावर व्हता," त्या म्हणाल्या. "माझं म्हणणं माझ्यापेक्षा पक्कं केलंस तू. हे मला उभ्या जन्मात दिसलं न्हाई, शबाना. ये, इथं माझ्या जागी बस, आणि पुढची ओळ तू शिकव."