पूजेतली गाडी

मन्मथदाजी गेले तेव्हा मी दवाखान्याच्या बाकावर अक्काच्या शेजारीच बसले होते, त्यामुळे त्यांच्या जाण्याची बातमी मला कुणी दिली नाही. उलट मलाच ती लोकांना द्यावी लागली. उदगीर, निलंगा, देगलूर... मोबाइलमध्ये नाव शोधायचं आणि तेच वाक्य पुन्हा म्हणायचं. संध्याकाळी उलटे फोन सुरू झाले आणि देगलूरच्या मावशी मलाच सांगायला लागल्या, "गाडी खोलून ठिवली होती म्हणं गं त्यानं. चालू असती तर वाचला असता की लेकरू." मी जागची हलले नव्हते आणि गोष्ट देगलूरला जाऊन माझ्याकडे परतही आली होती. ती कुठून निघाली हे मला पक्कं माहीत आहे. भेटायला आलेल्या प्रत्येकाला त्या घरात चहाबरोबर अजून तीच मिळते. म्हणून हे लिहायला बसले आहे. दाजींचं कौतुक करायला नव्हे. ते करायला आता घरात पुष्कळ जण आहेत.

दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे, अक्काचे यजमान. लातुरात दोघा भावांचं भांड्यांचं दुकान. थोरले अण्णा गादीवर बसायचे, दाजी गोदामात आणि गिऱ्हाइकाच्या समोर उभे. घर औसा रोडच्या बाजूला, एकाच फाटकाचं. खाली अण्णा, वर दाजी आणि अक्का. गाड्या दोन. अण्णांची नवी, उंच, काळी. दाजींची छोटी, पांढरी, अण्णांनी वापरून सोडलेली. वाटणी तशीच होती सगळी, आणि दाजींनी कधी त्याबद्दल अवाक्षर काढलं नाही. या स्वभावाचं लोकांना भारी कौतुक. मला नव्हतं. मी त्यांना तोंडावर म्हणायची, "दाजी, तुम्हाला शेंदूर फासून पारावर बसवलं पाहिजे." ते हसायचे आणि म्हणायचे, "मास्तरीणबाई, तिथं बी अण्णाच आधी बसंल." मी नांदेडला शाळेत शिकवते, म्हणून मास्तरीणबाई.

गाडी घरीच दुरुस्त करायची हा त्यांचा एकमेव षौक. दुकानाला सुट्टी असली की गळ्यातलं इष्टलिंग शर्टाच्या आतून पाठीवर टाकायचे, म्हणजे गाडीखाली शिरल्यावर ते तोंडावर लोंबकळत नाही, आणि जुनी सतरंजी अंथरून आत सरकायचे. भावाची गाडी, साडूची गाडी, शेजाऱ्याची, शेजाऱ्याच्या जावयाची... सगळ्यांच्या गाड्या त्या फाटकातून आत यायच्या. त्यांची तपासायची पद्धतही न्यारी. घराजवळच्या वळणावर एक गतिरोधक आहे. दाजी तिथं रस्त्याच्या कडेला मान वाकडी करून उभे राहायचे आणि गाडीवाल्याला सांगायचे, "जा, सावकाश एकदा वरून जा." चाक उतरलं की डोळे मिटायचे. मग बोलायचे, "शॉकअप न्हाई. बुश गेलंय." अक्का गच्चीवरून ओरडायची, "लोक म्हणत असतील, ह्या माणसाला गाड्यांची नाडी कळती, बायकोचं डोकं दुखलेलं कळत न्हाई."

मी गाडी शिकले ती त्याच पांढऱ्या गाडीवर, आणि तिच्या खाली बॅटरी धरायलाही तिथंच शिकले. एका उन्हाळ्यात मी सुट्टीला गेले होते आणि गाडीच्या उजव्या चाकातून खडखड यायची. गाडीच्या सांगाड्याला आणि चाकाला जोडणारा एक लोखंडी हात असतो, त्याला लोअर आर्म म्हणतात. एका टोकाला रबराची बुशं, दुसऱ्या टोकाला वाटीत फिरणारा गोळा. रबर फाटलं की गाडी खड्ड्यात रडते. दाजींनी जुना आर्म काढला, नवा लावला. अक्का पहार दाबून धरत होती, मी बॅटरी. बोल्ट बसले तशी मी शहाणपणानं म्हटलं, "आता आवळून टाका की गच्च." दाजी आतूनच म्हणाले, "न्हाई न्हाई. आत्ता नुसतं धरायचं. गाडी खाली उतरू दे, वजन येऊ दे, मग आवळ. चाक लटकत असताना आवळलं की रबर पीळ खाऊन बसतं अन् लवकरच फाटतं." मग जॅक उतरवून, गाडी चाकांवर उभी करून, ते पुन्हा पोटावर सरपटत आत गेले आणि शेवटचे फेरे आवळले. बाहेर आले तेव्हा अंगावरचा बनियन काळा आणि तोंडभर हसू. अण्णा वरांड्यात पेपर वाचत होते. पेपर न हलवता म्हणाले, "झालं का? आता माझी बघ जरा, एसी कमी मारायलाय."

या नवरात्रात डाव्या बाजूचा आर्म गेला. लातुरात त्या जुन्या गाडीचा चांगला माल मिळेना, म्हणून दाजींनी मला फोन केला. मी नांदेडला देगलूर नाक्यावर जाऊन तो घेतला आणि पिशवीत घालून एसटीनं लातूरला निघाले. अहमदपूरच्या स्टँडवर कंडक्टरचा पाय पिशवीला लागला, तसा तो कळवळला. "काय न्यायलाव बाई ह्यात? नांगर हाय का काय?" मी म्हटलं, "माझ्या दाजीचा हात हाय." बसमधले चार लोक हसले. मीही हसले. तेव्हा हसण्यासारखंच होतं ते.

अष्टमीला दुपारी पोचले. दाजींनी लगेच गाडी उचलून लाकडी ठोकळ्यांवर ठेवली, चाक काढलं. एक बोल्ट गंजून बसला होता, त्यानं जीव खाल्ला. जुना हात बाहेर यायला दिवस कलला. नवा बसवायला तासाभराचंही काम नव्हतं. तेवढ्यात अण्णा घरातून बाहेर आले. दुसऱ्या दिवशी खंडेनवमी. हे घराणं मूळचं उदगीरचं आणि तिकडचा नेम कडक. घरातली सगळी अवजारं आदल्या दिवशी धुऊन पुसून पाटावर मांडायची, नवमीला पूजा, आणि दसऱ्याच्या सीमोल्लंघनापर्यंत एकालाही हात लावायचा नाही. गाड्यांचंही तेच. एकदा हार चढला की गाडी दसऱ्यालाच फाटकाबाहेर.

"अवजारं दे इकडं, धुवायलीत समदे," अण्णा म्हणाले.

"अण्णा, तासभर. एवढं बसवून घेतो."

"दरवर्षी तुझा तासभरच असतो. दसऱ्याआधी कुठं जायचंय तुला?"

दाजींनी पाने पुसले आणि दिले. जॅक दिला. पहारसुद्धा दिली. मी चिडून म्हटलं, "अहो, गाडी उघडी आहे, काही लागलं सवरलं तर?" दाजी म्हणाले, "काय लागतंय दोन दिवसांत. खाली अण्णाची गाडी हाय की." नवा आर्म कागदात गुंडाळून त्यांनी जिन्याखाली ठेवला. ते वाक्य माझ्या कानातून जात नाही... खाली अण्णाची गाडी हाय की.

नवमीला पूजा झाली. पाटावर पाने, हातोडी, पहार, जॅक, दुकानातला तराजू, सगळ्यांना हळदकुंकू आणि झेंडू. काळ्या गाडीला हार, पुढं केळीचे खांब, चाकाखाली लिंबू. जेवणं आटोपली आणि दाजी जिन्याच्या पायरीवर बसले ते बसलेच. घाम फुटलेला, हात छातीवर. अक्कानं मला हाक मारली ती वेगळीच होती. मी रुग्णवाहिकेला फोन लावला. ते म्हणाले, निघतोय, पण देवीच्या मिरवणुकीमुळे रस्ते बंद आहेत, वेळ लागेल. मी खाली धावले. "अण्णा, चावी द्या, मी चालवते."

अण्णांनी गाडीकडं बघितलं, मग माझ्याकडं. "पूजेत हाय गं ती," म्हणाले. "थांब, स्वामींना विचारतो. तोवर तू रिक्षा बघ."

आणि त्यांनी खरंच फोन लावला. मी खोटं लिहीत नाही. भाऊ पायरीवर घामानं निथळतोय आणि हा माणूस फोन कानाला लावून वरांड्यात येरझाऱ्या घालतोय. स्वामी म्हणजे घराण्याचे जंगम, पूजा सांगणारे; ते त्यांच्या घरच्या पूजेत होते, त्यांनी उचलला नाही. अण्णांनी पुन्हा लावला. अक्का ओरडली, "अहो, तुमचा भाऊ हाय तो!" तर पायरीवरून दाजीच म्हणाले, "राहू दे... अण्णाला कशाला तरास. रिक्षानं जाऊ." माझा राग दाजींवरही आहे, तो यासाठी. जन्मभर ज्याला जागा करून दिली त्याला मरतानाही सरकून जागा करून दिली. या असल्या चांगुलपणाला लोक साधुत्व म्हणतात. मी त्याला दुसरं काहीतरी म्हणते, पण ते छापता येणार नाही.

मी कोपऱ्यावर पळाले. सगळे रिक्षावाले नवमीमुळे घरी. एक जण आपली रिक्षा धुऊन, हार घालून, उदबत्ती लावत होता. मी नुसतं "छातीत दुखतंय" एवढंच म्हटलं. त्यानं उदबत्ती तशीच नारळात खोचली आणि रिक्षा सुरू केली. पूजा झाली की राहिली, हे विचारायचंही मला सुचलं नाही आणि त्यालाही सांगावंसं वाटलं नाही. वाटेत झेंडूची फुलं तुटून आमच्या मांडीवर पडत होती. दाजींचं डोकं अक्काच्या खांद्यावर होतं. दवाखान्यात पोचलो तेव्हा त्यांना उतरवून घेणाऱ्या माणसानं आमच्याकडं पाहिलं आणि आम्हाला कळलं. मी डॉक्टरांना नंतर विचारलं, आधी आणलं असतं तर? ते म्हणाले, "सांगता येत नाही." त्यांना येत नसेल. मला येतं.

दुसऱ्या दिवशी दसरा. दाजींना बसवून, कपाळाला विभूती लावून मातीला नेलं, आम्हा लिंगायतांत तशीच रीत आहे. मागं काळी गाडी होती, पाहुण्यांनी भरलेली. तिचा हार कुणी काढला नव्हता. सीमोल्लंघन झालं एकदाचं.

मग ती गोष्ट सुरू झाली. 'त्यानंच खोलून ठेवली होती.' अण्णा हे रागानं म्हणत नाहीत. डोळे पुसत म्हणतात, आणि त्यातलं प्रत्येक अक्षर खरं आहे, हीच त्याची खुबी. विधीच्या दिवशी स्वामी आले. जेवताना पंगतीत त्यांच्या कानावर सगळं गेलं. त्यांचा घास हातातच राहिला. म्हणाले, "अण्णा, मला काय विचारायचं होतं त्यात? हार काढून फेकायचा आन् निघायचं." अण्णा पानातल्या वरणाकडं बघत राहिले. मला वाटलं, आता तरी ही गोष्ट थांबेल. संध्याकाळी उदगीरचे पाहुणे आले आणि वरांड्यातून मला पुन्हा ऐकू आलं, "त्यानंच खोलून ठेवली होती बघा..." सगळ्यात वाईट हे, की अक्काही तसंच बोलायला लागली होती. एका दुपारी म्हणाली, "सुनी, त्यांनी ती गाडी उघडायला नको होती गं." मला त्या क्षणी अण्णांना माफ करता येणं कायमचं बंद झालं. नवरा तर गेलाच होता, आता त्याचा दोषही तिच्या पदरात टाकला होता.

परवा मी पुन्हा लातूरला गेले. गाडी ठोकळ्यांवर तशीच, धुळीनं पिवळी. अण्णा म्हणाले, भंगारवाल्याला बोलावलंय, फाटकात अडचण होते. मी जिन्याखालून कागदात गुंडाळलेला आर्म काढला. अवजारं नवमीपासून पाटावरच राहिली होती, हळदकुंकू वाळून चिकटलेलं. मी पाना उचलला. अक्का बघत राहिली आणि मग तिनं पहार उचलली. बाई सतरंजीवर आडवी झालेली बघायला समोरचे शेजारी फाटकाशी आले, त्यांना येऊ दिलं. हात घसरले, बोटं सोलली, गोळा खाचेत बसेना. अक्कानं पहारीवर सगळं अंग टाकलं तेव्हा बसला. मी बोल्ट आवळायला गेले तर ती वरून म्हणाली, "आत्ता नको. वजन येऊ दे." आणि तिथंच, गाडीला धरून, दाजी गेल्यापासून ती पहिल्यांदा मोठ्यानं रडली. मी खालीच पडून राहिले. तिचं होईपर्यंत बाहेर यायची माझी हिंमत नव्हती. शेवटी ती नाक पुसून म्हणाली, "त्यांचं काम झालंच होतं की गं. तासभरच राहिलं होतं." मी म्हटलं, "तेवढंच." तिनं मान हलवली आणि ठोकळे काढायला जॅक लावला.

गाडीची बॅटरी मेली होती, शेजाऱ्याच्या गाडीची तार लावून पांढरी गाडी सुरू केली. मी चालवत वळणापर्यंत गेले आणि अक्का गतिरोधकाच्या कडेला जाऊन उभी राहिली, मान वाकडी करून, डोळे मिटून, अगदी तशीच. मी सावकाश वरून गेले. "गेला आवाज," ती म्हणाली.

आम्ही तिथं उभ्या होतो तेवढ्यात अण्णांची काळी गाडी दुकानातून परत आली. गतिरोधकावरून पुढचं चाक उतरलं आणि खडक, असं वाजलं. अक्कानं माझ्याकडं पाहिलं. आम्ही दोघींनीही ओळखलं. अण्णांनी गाडी थांबवून काच खाली केली, आमचे काळे हात पाहिले आणि सुस्कारा सोडला. "केली का चालू? बरं केलंत. आमची बी वाजायलीय लई दिवसांपास्नं. मन्मथ असता तर नुसतं ऐकून सांगितलं असतं, काय करावं ते."

अक्कानं हातातला पाना पदराला पुसला. कुंकू अजून त्याच्या खाचेत होतं.

"स्वामींना फोन लावून बघा," ती म्हणाली.

अण्णांनी काच वर केली.