हयातीचे चार कागद

गफूरचाचा गेल्याचं मला कचेरीतच कळलं. पुसदचे एक माजी शिपाई अर्ज घेऊन आले होते. बसता बसता म्हणाले, "तुमचे हवालदारसाहेब गेले ना… त्यायले माती देऊनच येऊन राह्यलो." मी त्यांचा अर्ज पुरा भरला, शिक्का मारला आणि मग बाहेर जाऊन उभा राहिलो. त्याला आता दीड महिना होईल. अजूनही दुपारी बाहेर कुणी सायकल टेकवली की मी मान वर करतो.

यवतमाळची आमची सैनिक कल्याणाची कचेरी म्हणजे दोन खोल्या. मी कारकून. फुलसावंगीकडच्या आमच्या बंजारा तांड्यातला पहिला बी.ए., आणि त्याचा मला अभिमान होता, आजही आहे. चाचा फौजेतून हवालदार म्हणून निवृत्त होऊन आलेले. सायकलवर गावोगाव फिरून जवानांच्या घरच्यांना भेटणं हे त्यांचं काम. मला ते बीयेसाहेब म्हणत. "बीयेसाहेब, तुमची टिप्पणी लय कडक. पण बुढीले त्यातलं काय समजते?" एकदा मी विचारलं, काम नसताना उन्हातान्हात गावात कशाला जाता? म्हणाले, "वाईट खबर घेऊन जातो म्हणून लोक मले पाहून दारं लावते रे. कधी रिकाम्या हातानंही जा लागते."

चीनच्या लढाईत आमच्याच तांड्यातला एक जवान बेपत्ता झाला. त्याची बायको झमकू. पुढे पलटणीकडून कागद आला, शोध लागत नाही, मृत समजावं. चाचा तेव्हा तापानं पडलेले. मी म्हटलं, माझाच तांडा आहे, मीच जातो. झमकू मला भिया, म्हणजे भाऊ म्हणायची. तिनं विचारलं, "भिया, कायचा कागद हाय?" मी म्हणालो, "सरकारी मदतीचा. दे अंगठा." 'नवरा मृत' ही वरची ओळ मी तिला वाचून दाखवलीच नाही. भांडण नको, रडारड नको, तिचं भलंच होतंय, असं मनाला सांगितलं.

पहिली मदत आली तेव्हा पोस्टमननं चारचौघांत नाव पुकारलं, अमक्याची विधवा. त्याच संध्याकाळी म्हाताऱ्या बायांनी तिच्या केसांतल्या चांदीच्या घुगऱ्या सोडल्या. नवरा असलेल्या बाईचं ते लेणं. ती ओरडत होती, "तो हाय, तो हाय…" मी त्याच तांड्यात वाढलो. असं होणार हे मला कळायला हवं होतं.

चाचा बरे होऊन आले. एवढंच म्हणाले, "वाचून काहून नाही दाखवलं तिले? मंग कायले शिकला?" नंतर हा विषय त्यांनी कधीच काढला नाही. मीही नाही. झमकू माझ्याशी बोलायची थांबली.

चाचांच्या चाळिसाव्याला पुसदला गेलो, तेव्हा चाचींनी पेटीतून चार कागद काढून दिले. "यायले कचेरीत कधी लावलं नाही त्यायनं." पेन्शनवाले दरसाल हयातीचा दाखला देतात, तसे ते दाखले. दर वर्षी एक. 'माझा नवरा हयात आहे, असं झमकू सांगते. मी ऐकलं.' खाली तिचा अंगठा, चाचांची सही. मदत चालू राहिली ती माझ्या कागदावर… आणि ती बाई जगत राहिली ती ह्या कागदांवर.

मागच्या रविवारी तांड्यावर गेलो. झमकू दारात धान्य निवडत बसली होती. मोकळ्या केसांकडे माझ्यानं बघवेना. चाचा गेल्याचं सांगितलं. तिचे हात थांबले. म्हणाली, "मंग औंदा कोन लिहीन?"

मी कोरा कागद काढला. तिनं सांगितलं, मी लिहिलं, शब्द न् शब्द वाचून दाखवला. अंगठ्याला शाई लावायला गेलो तर तिनं हात मागे घेतला.

"भिया, तू खरंच आयकलं?"

"आयकलं."

"मंग पयले तू सही कर."